हावडा ते मुंबई, आणि निम्मी परतवाट

हावड्याहून मुंबईला जाणारी मेल नागपूरवरून जाते. अंतर १,९६८ किलोमीटर. आता कल्पना करा, या रुळांच्या कडेने एकेक डॉलरच्या नोटांची थप्पी आडवी रचत न्यायची आहे, नोटेला नोट भिडवून. एका नोटेची जाडी मिलिमीटरचा जेमतेम नववा हिस्सा. तरी ही थप्पी मुंबईला पोचेल, तिथून माघारी वळेल, पुन्हा नागपूर ओलांडेल आणि गोंदियाही मागे टाकून छत्तीसगडात थांबेल. सिटीग्रुप या अमेरिकी बँकेने २००८ या एका वर्षात गमावलेले २,७७० कोटी डॉलर म्हणजे एवढे. आणि वाटेत दोनदा लागणारे नागपूर हे तेव्हाच्या तिच्या प्रमुखाचे जन्मगाव.

विक्रम पंडित यांचा जन्म १९५७ सालचा, मराठी घरातला. सोळाव्या वर्षी ते अमेरिकेला गेले. कोलंबिया विद्यापीठातून विद्युत अभियांत्रिकी आणि पुढे वित्त विषयातली डॉक्टरेट. १९८३ पासून दोन दशके मॉर्गन स्टॅन्लीत. तिथून बाहेर पडून त्यांनी सहकाऱ्यांबरोबर ‘ओल्ड लेन’ हा हेज फंड काढला. २००७ मध्ये सिटीने तो ८० कोटी डॉलरना विकत घेतला आणि ११ डिसेंबरला पंडितांनाच बँकेचे मुख्याधिकारी केले.

या बँकेचे भारतातले मूळ कोलकात्यात आहे. ब्रिटिश हिंदुस्थानची राजधानी इथेच होती, ताग आणि चहा हुगळीतून जगभर जात होता, तेव्हा म्हणजे १९०२ मध्ये इंटरनॅशनल बँकिंग कॉर्पोरेशनने इथे शाखा उघडली. १९१५ मध्ये न्यूयॉर्कच्या नॅशनल सिटी बँकेने ती संस्थाच घेतली. तिचीच पुढे सिटी झाली.

पंडितांच्या हाती आली तेव्हा बँकेची एकूण मालमत्ता होती सुमारे २.१९ लाख कोटी डॉलर. अख्ख्या भारताचे त्या वर्षीचे सकल उत्पन्न १.२ लाख कोटींच्या आसपास होते! सेकंदाला एक डॉलर, न झोपता, न थांबता मोजत बसले, तर ही मालमत्ता मोजून व्हायला ६९ हजार वर्षे लागतील. तोट्याचा वेग मात्र वेगळा होता: २००८ मध्ये दर सेकंदाला सुमारे ८७६ डॉलर. हे वाक्य वाचून होईपर्यंत चार-पाच हजार गेले असते.

नोव्हेंबर २००८ मध्ये एकाच घोषणेत ५२ हजार नोकऱ्या कमी करायचे ठरले. कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर आज सुमारे ६८ हजार माणसे बसतात. त्यातल्या दर चार खुर्च्यांपैकी तीन रिकाम्या होताना डोळ्यांपुढे आणा, आणि प्रत्येक खुर्चीमागे एक घर. मला या सगळ्या हिशेबात हाच आकडा सर्वांत जड वाटतो.

अमेरिकी सरकारने दोन हप्त्यांत ४,५०० कोटी डॉलर ओतले. तरी २००६ च्या अखेरीस ५५ डॉलरच्या वर असलेला शेअर मार्च २००९ मध्ये एका डॉलरच्याही खाली गेला. बँक नफ्यात येईपर्यंत आपण वर्षाला एक डॉलर पगार घेऊ, असे पंडितांनी जाहीर केले होते. त्याचे कौतुक झाले. मला ते अर्धेच पटते, कारण ओल्ड लेनच्या विक्रीतून त्यांना सुमारे १६.५ कोटी डॉलर मिळाले होते, आणि तो फंड वर्षभरातच बंद करावा लागला होता. पण उरलेले अर्धे श्रेय त्यांना द्यायलाच हवे: २०१० मध्ये बँकेने १,०६० कोटी डॉलर नफा कमावला, आणि सरकारलाही आपल्या पैशावर सुमारे १,२०० कोटी सुटले. एप्रिल २०१२ मध्ये भागधारकांनी पंडितांचे दीड कोटी डॉलरचे वेतन ५५ टक्के मतांनी नाकारले. १६ ऑक्टोबरला त्यांनी पद सोडले.

१ मार्च २०२३ रोजी सिटीचा भारतातला किरकोळ बँक व्यवसाय, बचत खाती आणि क्रेडिट कार्डांसह, अॅक्सिस बँकेकडे गेला. किंमत ११,६०३ कोटी रुपये. २००८ च्या वेगाने ही रक्कम गमावायला सिटीला १९ दिवसही लागले नसते.