फूटभर पाण्याचा हिशेब

चंद्रपूर जिल्ह्यातल्या मूलपासून नकाशावर सरळ रेघ ओढली तर पूर्वेकडचा समुद्र साडेचारशे किलोमीटरच्या आसपास आहे, आणि मुंबई सातशेच्या वर. इथलं पाणी म्हणजे उमा नदी, मामा (माजी मालगुजारी) तलाव आणि गावोगावच्या बोड्या. भरती-ओहोटी पुस्तकात वाचायची. तरीही समुद्रातून फौज उतरवण्याचा हिशेब इथं बसूनच मोजून पाहण्यासारखा आहे.

दुसऱ्या महायुद्धात ६ जून १९४४ या एका दिवसात फ्रान्सच्या नॉर्मंडीत समुद्रातून आणि आकाशातून मिळून दोस्तांचे सुमारे १,५६,००० सैनिक उतरले. लहानमोठी जहाजं आणि होड्या सात हजारांच्या घरात होत्या. जूनअखेरपर्यंत साडेआठ लाख माणसं, दीड लाखाच्या जवळपास गाड्या आणि पावणेसहा लाख टन सामान उतरलं होतं. २०११च्या जनगणनेत गडचिरोली जिल्ह्याची लोकसंख्या १०,७२,९४२ होती. म्हणजे कोरचीपासून सिरोंच्यापर्यंत दर पाचांतली चार माणसं पंचवीस दिवसांत समुद्रापार न्यायची, शिधासामानासकट, आणि पलीकडे बंदर नाही.

एवढा पसारा हलतो तो जहाज भरण्याच्या एका उलट्या नियमावर. किनाऱ्यावर जे सगळ्यात आधी लागणार, ते सगळ्यात शेवटी चढवायचं. दारूगोळा तळाशी आणि तंबू वर अशी चूक झाली, तर तंबू उपसेपर्यंत पुढचे लोक मेलेले असतात.

हे शहाणपण महागात मिळालं. ऑक्टोबर १९१४मध्ये मुंबईहून सुमारे आठ हजारांची फौज पूर्व आफ्रिकेतल्या टांगा बंदरावर निघाली. समोर जर्मनांचे हजारभर लोक. किनाऱ्याची धड पाहणी नाही, आणि आठवडेच्या आठवडे जहाजात कोंडलेले शिपाई थेट लढाईत ढकललेले. त्यात गोळीबारानं मधमाश्या खवळल्या. मोहोळ उठलं की काय होतं, हे झाडीपट्टीतल्या माणसाला सांगायला नको. आठशेवर माणसं मेली किंवा जखमी झाली. उरलेले बंदुका टाकून जहाजांवर परतले. दोष मधमाश्यांना देणं सोपं होतं, खरा दोष आखणीचा होता.

पुढं अमेरिकी मरीन सैनिकांनी १९३४मध्ये किनाऱ्यावर उतरण्याची नियमावलीच लिहून काढली. होड्या बांधणाऱ्या हिगिन्स यांची खास होडी आली: लांबी ३६ फूट, पोटात ३६ सैनिक, वाळूला टेकली की पुढची फळी धाडकन खाली. अशा वीस हजारांवर होड्या बांधल्या गेल्या. पण भरलेल्या होडीला तीनेक फूट पाणी लागतंच. नोव्हेंबर १९४३मध्ये पॅसिफिकमधल्या टारावा बेटाला भरती कमी पडली, प्रवाळाच्या कडेवर तेवढंही पाणी नव्हतं. होड्या अडकल्या, आणि सैनिक कडेच्या आतल्या, कुठं कुठं छातीभर पाण्यातून शेकडो मीटर गोळ्या झेलत चालत गेले. तीन-साडेतीन दिवसांत हजाराच्या आसपास मरीन मेले. इतक्या लाखांच्या आणि टनांच्या हिशेबात निकाल लावणारा आकडा फुटात मोजायचा असतो. वैनगंगेत डोंगा घालण्याआधी आमचा ढिवर बांबूनं पाणी चाचपतो, त्यात हीच अक्कल आहे.

समुद्रातून फौज उतरवण्याच्या विद्येशी महाराष्ट्राचा संबंध जुना. फेब्रुवारी १६६५मध्ये शिवाजी महाराज तीन मोठी जहाजं आणि ८५ लहान गलबतं घेऊन कर्नाटक किनाऱ्याच्या बसरूरवर गेले होते. दुसऱ्या महायुद्धात मात्र हा सराव चक्क सह्याद्रीच्या अलीकडे, खडकवासल्याच्या तलावात झाला. काठावर ‘अँगोस्तुरा’ नावाचं नकली जहाज उभारलं होतं, त्यावरून उतरण्याची तालीम चाले. भरती नाही, ओहोटी नाही, खारं पाणीही नाही!

मलायावर उतरण्याच्या ‘झिपर’ मोहिमेसाठी लाखावर सैन्य हिंदुस्थानातल्या बंदरांतून निघायचं ठरलं होतं. तोवर जपान शरण आला. ९ सप्टेंबर १९४५ला फौज तरीही मोरिबच्या किनाऱ्यावर उतरली, समोर गोळी झाडणारं कोणी नव्हतं, आणि गाड्या चिखलात रुतून बसल्या. खडकवासल्याचं केंद्र ओस पडलं. त्याच काठावर ६ ऑक्टोबर १९४९ला नेहरूंनी राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची कोनशिला बसवली. जागा निवडताना हे आयतं केंद्र आणि ते नकली जहाज दोन्ही जमेस धरली होती.