मर्ढेकरांचा लयविचार आणि प्रकाशाचा झोत

मर्ढे आणि आष्टा ही दोन्ही गावं कृष्णाखोऱ्यातली. एक साताऱ्याजवळ, दुसरं सांगली-इस्लामपूर रस्त्यावर. १९४९मध्ये दक्षिण सातारा जिल्हा वेगळा निघाला, १९६०मध्ये त्याचं नाव सांगली झालं. १९४९आधी दोन्ही गावं एकाच सातारा जिल्ह्यात होती. मर्ढे हे बाळ सीताराम मर्ढेकरांचं मूळ गाव. जन्म मात्र १९०९चा, खानदेशात फैजपूरला. कवी मर्ढेकर सगळ्यांना ठाऊक असतात. कलेविषयी लिहिणारे मर्ढेकर आता बहुधा एम.ए.च्या प्रश्नपत्रिकेत भेटतात, तेही ‘टीपा लिहा’पुरते.

१९३७मध्ये त्यांचं ‘आर्ट्स अँड मॅन’ हे इंग्रजी पुस्तक आलं, १९४१मध्ये ‘वाङ्मयीन महात्मता’ आणि १९५५मध्ये ‘सौंदर्य आणि साहित्य’. या शेवटच्या पुस्तकाला १९५६चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी मार्चमध्ये दिल्लीत त्यांचं निधन झालं. वय अवघं ४६.

त्यांचं म्हणणं आजही बोचतं. कलाकृती चांगली की वाईट हे तिच्यातल्या उपदेशावर, विषयावर, जीवनदर्शनावर ठरत नाही. माध्यमातले घटक एकमेकांशी कसे बांधले आहेत यावर ठरतं. ही बांधणी तीन नात्यांनी होते. सारखेपणा असेल तर संवादलय, उलटेपणा असेल तर विरोधलय, दोन बाजू तोलल्या गेल्या तर समतोललय. संगीतात हे चटकन पटतं, कारण स्वराला सांगण्यासारखा विषयच नसतो. साहित्यात गाडी अडते. शब्दाचा नाद म्हणजे काही साहित्य नव्हे. म्हणून मर्ढेकरांनी शब्दांचे भावनात्मक अर्थ हेच साहित्याचं माध्यम मानलं. पण भावना आली की माणूस आला, आणि माणसाच्या मागून त्याचं जगणं आलं. रा. भा. पाटणकर, प्रभाकर पाध्ये यांच्यासारख्या अभ्यासकांनी हा विचार बारकाईनं तपासला. मला तर इंग्रजीचे प्राध्यापक असलेल्या मर्ढेकरांचा सिद्धांत साहित्यालाच सगळ्यात कमी लागू पडतो असं वाटतं.

आष्ट्यात चौंडेश्वरी देवीचा भावई हा उत्सव होतो, तिथं हा सिद्धांत लावून पाहावा. त्यात नाचणाऱ्या जोगणीपुढे हात जोडणारा आणि तिच्या पावलांचा ठेका निरखणारा, मर्ढेकरांच्या हिशेबी हे दोन वेगळे अनुभव; सौंदर्याचा अनुभव फक्त दुसरा. भाविकाला ही वाटणी विचारून बघा! हात जोडलेले असतानाच पाय ठेका धरत असतात.

सिनेमात मात्र हा विचार चांगलाच रुळतो. उजेड, अंधार, आवाज, हालचाल: सगळं इंद्रियांना थेट भिडणारं. मराठीत अशा नजरेनं सिनेमा वाचायला शिकवलं ते अरुण खोपकरांनी. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या खोपकरांनी मणि कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये कालिदासाची भूमिकाही केली. ‘गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका’ या पुस्तकात त्यांनी ‘प्यासा’, ‘कागज़ के फूल’ आणि ‘साहिब बीबी और गुलाम’ हे तीन चित्रपट घेतले. गोष्ट सांगून रडवायचं किंवा नटांच्या आठवणींचा फराळ वाढायचा, ही आपल्याकडची जुनी वाट त्यांनी टाळली. पुढे ‘चलत्-चित्रव्यूह’साठी २०१५मध्ये त्यांनाही अकादमी पुरस्कार मिळाला.

‘कागज़ के फूल’मधला रिकामा स्टुडिओ आठवा. छायालेखक व्ही. के. मूर्तींनी मोठ्या आरशांनी ऊन आत वळवलं, आणि काळोखातून प्रकाशाचा तिरका झोत उतरला. मर्ढेकर इथं विरोधलय दाखवतील, आणि ती आहेच. पण त्या झोताच्या अलीकडे-पलीकडे उभी असलेली दोन माणसं एकमेकांजवळ येऊ शकत नाहीत, हे ठाऊक नसेल तर तो उजेड नुसता देखणा राहील. १९५९मध्ये तो चित्रपट पडला, तेव्हा प्रेक्षकांना त्या उजेडाचंही फारसं कौतुक नव्हतं. गुरुदत्तनं त्यानंतर दिग्दर्शक म्हणून पडद्यावर स्वतःचं नाव पुन्हा लावलं नाही.