जीवमाहितीशास्त्र : नांदेड–लातूर परिसरातील शिक्षण व संशोधन

जीवमाहितीशास्त्र : सजीवांच्या रेणवीय घडणीविषयी प्रयोगांती मिळालेली माहिती संगणकात साठविणे, तिचे वर्गीकरण करणे आणि गणित व संख्याशास्त्र यांच्या साहाय्याने तीतून जीवशास्त्रीय निष्कर्ष काढणे, हे ज्या शास्त्राचे कार्य आहे त्यास जीवमाहितीशास्त्र असे म्हणतात. जीवशास्त्र, रसायनशास्त्र, संख्याशास्त्र व संगणकशास्त्र यांच्या संयोगातून हे शास्त्र निर्माण झाले. त्यास लागणारी मूळ सामग्री म्हणजे क्रम व रचना यांचे माहितीसंग्रह होत. यांपैकी प्रमुख संग्रह जगातील कोणासही विनामूल्य पाहता येतात. त्यामुळे महागडी उपकरणे नसलेल्या व महानगरांपासून दूर असलेल्या विद्यापीठांनाही या शास्त्रात प्रवेश करता आला. मराठवाड्यातील नांदेड व लातूर येथील अध्यापन व संशोधन हे याचे एक उदाहरण आहे. मात्र संगणकाने काढलेला निष्कर्ष हा प्रयोगाने पडताळावयाचा अंदाज असतो. म्हणून प्रयोगशाळा व शेत यांच्याशी जोड किती घट्ट आहे, यावर अशा केंद्रांच्या कार्याचे मोल अवलंबून राहते.

मूळ संकल्पना : सजीवाची आनुवंशिक माहिती डीऑक्सिरिबोन्यूक्लिइक अम्लाच्या (डीएनएच्या) रेणूत असते. ॲडेनीन, थायमीन, ग्वानीन व सायटोसीन या चार क्षारकांच्या क्रमाने ती व्यक्त होते. या क्षारकांसाठी अनुक्रमे ए, टी, जी व सी ही अक्षरे वापरतात. प्रथिनांचे रेणू वीस प्रकारच्या ॲमिनो अम्लांच्या साखळ्यांचे बनलेले असतात. म्हणजे डीएनए ही चार अक्षरांत व प्रथिन हे वीस अक्षरांत लिहिलेली लिपी आहे, असे मानता येते. रेणूचे असे अक्षररूप झाले की, त्याची तुलना, मोजणी व शोध ही कामे संगणकाकडे सोपविता येतात. एखाद्या सजीवातील संपूर्ण डीएनए-संचास जीनोम असे म्हणतात [→ आनुवंशिकी].

इतिहास : फ्रेडरिक सँगर यांनी १९५०–६० या दशकाच्या पूर्वार्धात इन्शुलीन या प्रथिनातील ॲमिनो अम्लांचा क्रम निश्चित केला. त्यानंतर अशा क्रमांची संख्या वाढत गेली. अमेरिकेतील मार्गारेट डेहॉफ यांनी १९६५ मध्ये ६५ प्रथिनांचे क्रम एका ग्रंथात संकलित केले. या शास्त्रातील सर्व माहितीसंग्रहांचा तो पूर्वज होय. १९७० मध्ये नीडलमन व वुन्श यांनी दोन क्रमांची तुलना करण्याची गणिती रीत मांडली. त्याच सुमारास नेदर्लंड्समधील होगेवेग व हेस्पर यांनी या शास्त्राचे आजचे इंग्रजी नाव योजिले. प्रथिनांच्या त्रिमितीय रचनांचा संग्रह १९७१ मध्ये केवळ सात रचनांनी सुरू झाला व २०२३ मध्ये त्याने दोन लाखांचा टप्पा ओलांडला. डीएनए-क्रमांचे संग्रह यूरोपात १९८० मध्ये व अमेरिकेत १९८२ मध्ये सुरू झाले. मानवी जीनोमाचे सु. ३०० कोटी क्षारकजोड्या वाचण्याचे काम २००३ मध्ये पूर्ण झाल्याचे घोषित करण्यात आले. भारतीय शास्त्रज्ञांपैकी जी. एन. रामचंद्रन यांनी मद्रास येथे सहकाऱ्यांसह १९६३ मध्ये तयार केलेला प्रथिनरचनेचा आलेख आजही जगभर वापरला जातो.

क्रमांची तुलना : दोन क्रमांची मांडणी अशी करावयाची की, सारखी अक्षरे शक्य तितकी एकमेकांखाली यावीत, ही या शास्त्रातील पायाभूत क्रिया होय. समजा, एक क्रम ‘ए टी जी सी टी ए’ व दुसरा ‘ए टी सी टी ए’ असा आहे. दोन्ही डावीकडून जुळविल्यास फक्त पहिली दोन अक्षरे जुळतात. परंतु दुसऱ्या क्रमात तिसऱ्या स्थानी एक रिकामी जागा सोडली, तर त्याची पाचही अक्षरे जुळतात. ही रिकामी जागा काल्पनिक नसते. उत्क्रांतीच्या ओघात एक क्षारक गळला वा नवा शिरला असावा, असे ती सुचविते. जुळलेल्या अक्षरांस गुण, विजोड अक्षरांस व रिकाम्या जागांस दंड, असा हिशेब करून सर्वोत्तम मांडणी निवडतात.

जुळणी मिळाली, तरी ती अर्थपूर्ण आहे की योगायोगाची, हे ठरविणे महत्त्वाचे असते. चार अक्षरांपासून दहा अक्षरी क्रम १०,४८,५७६ प्रकारे बनू शकतात. तुरीच्या जीनोमाची लांबी सु. ८३·३ कोटी क्षारकजोड्या आहे. क्षारकांची मांडणी यदृच्छ मानल्यास कोणताही दहा अक्षरी क्रम त्यात निव्वळ योगायोगाने सु. ८०० वेळा आढळेल. त्यामुळे अशा जुळणीवरून काहीच सिद्ध होत नाही. वीस अक्षरी क्रमांचे प्रकार मात्र सु. १ लाख १० हजार कोटी असल्याने तेवढी जुळणी योगायोगाने मिळण्याचा संभव हजारात एकाहूनही कमी असतो. संगणकाच्या पडद्यावर आलेली जुळणी स्वीकारावी की नाकारावी, हा निर्णय अशा संख्याशास्त्रीय विचारावर आधारलेला असतो. या शास्त्राच्या शिक्षणात संख्याशास्त्र अपरिहार्य ठरते, ते यामुळेच.

भारत व महाराष्ट्र : भारत सरकारच्या जैवतंत्रज्ञान विभागाने १९८६-८७ मध्ये जैवतंत्रज्ञानविषयक माहितीकेंद्रांचे देशव्यापी जाळे उभारण्यास प्रारंभ केला. त्यांपैकी एक केंद्र १९८७ मध्ये पुणे विद्यापीठात (आता सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठ) स्थापन झाले. तेथे प्राण्यांना बाधणाऱ्या विषाणूंविषयीचे माहितीसंग्रह तयार करण्यात आले. या केंद्राचे प्रमुख अशोक कोळस्कर यांनी सहकाऱ्यासह १९९० मध्ये प्रथिनातील प्रतिजनी भाग ओळखण्याची एक रीत प्रसिद्ध केली. तिची अचूकता सु. ७५% असल्याचे त्यांनी नमूद केले होते. लसनिर्मितीच्या अभ्यासात प्रथिनाचा कोणता भाग प्रथम तपासावा, हे ठरविण्यास ही रीत उपयोगी पडते. पुणे येथेच १९८८ मध्ये प्रगत संगणन विकास केंद्राची (सी-डॅक) स्थापना होऊन १९९१ मध्ये ‘परम ८०००’ हा महासंगणक तयार झाला. २००५ मध्ये या विषयाची राष्ट्रीय प्रमाणपत्र परीक्षा सुरू झाली. भारतात निर्माण होणाऱ्या जीवशास्त्रीय माहितीच्या साठवणीसाठी फरीदाबाद येथील राष्ट्रीय केंद्राचे उद्घाटन २०२२ मध्ये झाले.

नांदेड व लातूर : स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाची स्थापना नांदेड येथे १७ सप्टेंबर १९९४ रोजी, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी झाली. पूर्वी औरंगाबाद (आता छत्रपती संभाजीनगर) येथील विद्यापीठाच्या अधिक्षेत्रात असलेला भाग वेगळा काढून ते निर्माण करण्यात आले. नांदेड, लातूर, परभणी व हिंगोली हे चार जिल्हे त्याच्या अधिक्षेत्रात येतात. या विद्यापीठाने स्वतंत्र विभागांऐवजी परस्परसंबद्ध विषयांच्या संकुलांची पद्धत स्वीकारली. अनेक विषयांच्या सीमेवर उभ्या असलेल्या जीवमाहितीशास्त्रास ही रचना अनुकूल आहे. नांदेड येथील जीवशास्त्र संकुलात वनस्पतिशास्त्र, प्राणिशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र व जैवतंत्रज्ञान हे विषय एकत्र नांदतात; तर लातूर येथील उपपरिसराच्या तंत्रज्ञान संकुलात जीवमाहितीशास्त्राचे पदव्युत्तर अध्यापन व संशोधन होत आले आहे. लातूर येथेच वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाचे (परभणी) कृषी जैवतंत्रज्ञान महाविद्यालय आहे.

संगणकीय अंदाज व प्रयोग यांची सांगड कशी घालता येते, हे नांदेड येथील एका संशोधनावरून दिसते. वनस्पतींत आढळणाऱ्या निवडक फ्लॅव्होनॉइड संयुगांचा अभ्यास जीवशास्त्र संकुलातील संशोधकांनी २०११ मध्ये प्रसिद्ध केला. ही संयुगे नव्या रक्तवाहिन्यांच्या निर्मितीस व कर्करोगाच्या कोशिकांच्या वाढीस कितपत विरोध करतात, हे त्यांनी प्रयोगाने तपासले आणि त्याच संयुगांचे संगणकीय विश्लेषणही केले. अशा विश्लेषणात प्रथिनाच्या त्रिमितीय रचनेतील खाचेत संयुगाचा लहान रेणू कसा बसेल व ती बांधणी किती घट्ट असेल, याचे गणित संगणक करतो. या क्रियेची तुलना कुलूप व किल्ली यांच्याशी करतात. परंतु प्रत्यक्षात प्रथिन लवचिक असते, त्याच्याभोवती पाणी असते आणि शरीरात शिरलेल्या संयुगात रासायनिक बदल होतात. त्यामुळे गणितात उत्तम ठरलेले संयुग औषध म्हणून निरुपयोगी ठरू शकते. शेकडो संयुगांतून प्रथम तपासण्याजोगी थोडी संयुगे निवडणे, एवढेच या रीतीचे खरे कार्य आहे.

मराठवाड्यातील पिके : मराठवाड्याच्या दृष्टीने या शास्त्राचा निकटचा संबंध शेतीशी आहे. लातूर ही तूर व सोयाबीन यांची मोठी बाजारपेठ आहे. नांदेड येथील कापूस संशोधन केंद्राचे ‘एनएचएच-४४’ हे संकरित वाण ‘नांदेड-४४’ या नावाने प्रसिद्ध आहे. सोयाबीनचा जीनोम २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. तुरीच्या (शास्त्रीय नाव : कॅजॅनस कॅजन) ‘आशा’ या वाणाचा जीनोम भारतीय कृषी संशोधन परिषदेच्या शास्त्रज्ञांनी व हैदराबादजवळील इक्रिसॅट या संस्थेच्या नेतृत्वाखालील आंतरराष्ट्रीय गटाने २०११-१२ च्या सुमारास स्वतंत्रपणे प्रसिद्ध केला. दुसऱ्या गटाने जीनोमाचा सु. ७३% भाग जुळवून त्यात ४८,६८० जनुके असल्याचा अंदाज दिला.

तुरीवरील मर हा रोग फ्युझेरियम उडम या जमिनीतील कवकामुळे होतो, तर वंध्यत्व रोग सूक्ष्म कोळ्यामार्फत पसरणाऱ्या विषाणूंमुळे होतो. या रोगांस प्रतिकार करणारे ‘बीएसएमआर-७३६’ हे वाण बदनापूर (जि. जालना) येथील कृषी संशोधन केंद्रात जीनोम ज्ञात होण्यापूर्वीच तयार झाले होते. रूढ पद्धतीत रोगग्रस्त जमिनीत रोपे वाढवून त्यांपैकी कोणती टिकतात, हे पाहावे लागते. तूर हे दीर्घ मुदतीचे खरीप पीक असल्याने शेतावर वर्षातून सामान्यतः एकच चाचणी होते. प्रतिकारशक्ती देणाऱ्या जनुकानजीकचा डीएनए-क्रम ठाऊक झाला, तर रोपाच्या एका पानावरून निवड करता येते व काही वर्षे वाचू शकतात. असे क्रम हुडकणे हे जीवमाहितीशास्त्राचे काम आहे. तथापि माहितीसंग्रहातील जीनोम एका वाणाचा असतो. लातूर वा नांदेडच्या काळ्या जमिनीत, तेथील अनिश्चित पावसात आणि तेथे आढळणाऱ्या रोगजंतूंच्या प्रकारांपुढे दुसरे वाण कसे वागते, हे त्यात लिहिलेले नसते. ती माहिती त्याच प्रदेशातील नोंदींतून मिळवावी लागते. हे काम दूरच्या संस्था सहज करू शकत नाहीत आणि स्थानिक विद्यापीठे व कृषी केंद्रे यांनी ते न केल्यास ते होतच नाही.

अध्यापनातील प्रश्न : या विषयाच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमांत सामान्यतः रेणवीय जीवशास्त्र, आनुवंशिकी, संख्याशास्त्र, आज्ञावली-लेखन, माहितीसंग्रहांची रचना, क्रमविश्लेषण व औषधांचा संगणकीय अभिकल्प हे विषय असतात. प्रवेश घेणारा विद्यार्थी बहुधा यांपैकी एकाच बाजूचा असतो. उच्च माध्यमिक परीक्षेतील यशासाठी लातूरचे नाव राज्यभर घेतले जाते. परंतु वैद्यकीय शिक्षणाच्या ओढीने जीवशास्त्र निवडणारा विद्यार्थी पुष्कळदा अकरावीतच गणित सोडतो आणि अभियांत्रिकीकडे वळणारा जीवशास्त्र सोडतो. पुढे जीवमाहितीशास्त्राकडे येणाऱ्या पहिल्यास सूत्रांची व दुसऱ्यास कोशिकेची भीती वाटते. तयार आज्ञावल्या सहज उपलब्ध असल्याने ही उणीव काही काळ झाकली जाते. विद्यार्थी कळ दाबून उत्तर मिळवितो. मात्र वर सांगितलेल्या दहा अक्षरी व वीस अक्षरी जुळणीतील भेद त्यास उमगत नाही. यावर उपाय म्हणजे दोन्ही बाजूंचे पायाभूत शिक्षण प्रारंभीच देणे आणि प्रत्येक प्रकल्पात संगणकीय अंदाजाबरोबर त्याची प्रायोगिक पडताळणी ठेवणे हा होय.

सद्यःस्थिती : ॲमिनो अम्लांच्या क्रमावरून प्रथिनाची रचना वर्तविणाऱ्या ‘अल्फाफोल्ड’ या कृत्रिम बुद्धिमत्तेवर आधारित प्रणालीने २०२० मध्ये मोठी प्रगती दाखविली. २०२२ पर्यंत तिच्या आधारे २० कोटींहून अधिक प्रथिनांच्या अंदाजित रचना सर्वांना उपलब्ध झाल्या. या कार्यासाठी डेमिस हसाबिस व जॉन जंपर यांना आणि प्रथिनांच्या संगणकीय अभिकल्पासाठी डेव्हिड बेकर यांना २०२४ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून देण्यात आले. त्यामुळे अंदाज मिळविणे पूर्वीपेक्षा पुष्कळ सोपे झाले असून कोणता अंदाज तपासण्याजोगा आहे, हे ओळखण्यास अधिक महत्त्व आले आहे. या दृष्टीने नांदेड व लातूर येथील जीवशास्त्राच्या प्रयोगशाळा, संगणकीय अध्यापन आणि मराठवाड्यातील कृषी संशोधन केंद्रे यांचे सान्निध्य ही या प्रदेशाची जमेची बाजू आहे. त्यांच्यातील सहकार्य वाढल्यास जगाच्या माहितीसंग्रहांचा केवळ वापर न करता त्यांत मराठवाड्याच्या पिकांविषयी नवी भर घालणे तेथील विद्यार्थ्यांस शक्य होईल.