धुरानें जडलेला रोग व त्याची दप्तरांतील नोंद

जमिनीच्या नोंदीविषयीं शेतकरी किती दक्ष असतो, हें आम्हीं महसूल खात्याच्या नोकरींत अनेक वर्षें पाहिलें. सातबाऱ्यावर गट नंबर चुकला किंवा पिकाच्या रकान्यांत भाताऐवजीं गवत पडलें, तर तो दुसऱ्याच दिवशीं तलाठ्याकडे येतो. परंतु आपल्या आईच्या किंवा पत्नीच्या रोगाचें नांव दवाखान्याच्या कागदावर काय लिहिलें गेलें, हें पाहणारे फार थोडे. या नोंदीचें महत्त्व जमिनीच्या नोंदीहून कमी नाहीं; व जव्हार-मोखाडा भागांत, जेथें पुष्कळ घरांत स्वैपाक लांकडांवर होतो, तेथें तर तें अधिकच आहे.

आपल्याकडे धूर दोन प्रकारचा. पहिला राबाचा. भात, नागली व वरई यांचीं रोपें करण्यासाठीं पावसापूर्वीं फांद्या, पालापाचोळा व शेण पसरून जमीन भाजतात. हा धूर उघड्या रानांत व थोडेच दिवस असतो. दुसरा चुलीचा. मृगापासून पुढें सरपण ओलें, दारें बंद, आणि बाई फुंकणी घेऊन चुलीजवळ. या धुरांतील अति बारीक कण व विषारी वायु श्वासनलिकांस रोज थोडी थोडी इजा करितात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणें घरांतील असल्या धुरामुळें सन २०२० मध्यें जगांत सुमारें ३२ लाख माणसें दगावलीं.

अशा इजेनें होणाऱ्या जुनाट रोगास डॉक्टर 'सीओपीडी' म्हणतात. लोक त्यास सरसकट दमा म्हणतात. पण हे दोन रोग निराळे. दम्यांत आकसलेल्या श्वासनलिका औषधानें बहुधा पुन्हां मोकळ्या होतात. सीओपीडींत त्या पूर्ववत् होत नाहींत. ही पारख फुंकीच्या यंत्रानें, म्हणजे स्पायरोमेट्रीनें होते. औषध दिल्यावरही, जोरानें सोडलेल्या एकूण श्वासापैकीं पहिल्या सेकंदांत बाहेर पडणारा भाग शेंकडा ७० हून कमी भरला, तर श्वासनलिका कायमच्या अरुंद झाल्याचें समजतात.

आतां नोंदीकडे वळूं. प्रत्येक शेतास जसा गट नंबर, तसा प्रत्येक रोगास एक आंतरराष्ट्रीय क्रमांक आहे. या यादीचा पाया फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियों यांनीं सन १८९३ मध्यें घातला. सन १९४८ पासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे. अकरावी आवृत्ति १ जानेवारी २०२२ पासून अमलांत आली. आम्ही येथें सन १९९० मध्यें मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीचे क्रमांक देतों. तींत श्वसनरोगांस 'जे' हें अक्षर आहे. दमा जे ४५, सीओपीडी जे ४४. रासायनिक द्रव्यें, वायु, धूम व वाफा यांनीं जडलेले जुनाट श्वसनविकार जे ६८.४. घरास आग लागून एकदम विषारी धूर छातींत गेला, तर ती विषबाधा टी ५८ व टी ५९ या क्रमांकांत पडते. आणि वर्ष लोटल्यावरही तिचा परिणाम राहिला, तर त्यास टी ९७ हा मागें उरलेल्या परिणामांचा वेगळा क्रमांक आहे. चुलीचा धूर मात्र एका दिवसाचा अपघात नव्हे. म्हणून त्याचा रोगी बहुधा जे ४४ मध्येंच येतो. व रोग विडीनें झाला कीं चुलीनें, हें त्या क्रमांकावरून कळत नाहीं. तें कळावें यासाठीं जोड क्रमांक आहेत: तंबाखूच्या सेवनास झेड ७२.०, दूषित हवेंत वावरण्यास झेड ५८.१.

येथेंच खरी मेख आहे. क्रमांक घालणारा कारकून रोग्यास पाहत नाहीं. तो डॉक्टरांचे शब्द पाहतो, व जें लिहिलें नाहीं तें त्यास स्वतःच्या मनानें घालतां येत नाहीं. 'दमा' लिहिलें तर जे ४५. धुराचा उल्लेख नसला तर जोड क्रमांक नाहीं. मृत्यूच्या बाबतींतही तेंच. सन १९६९ च्या जन्म-मृत्यु नोंदणी कायद्याखालीं मृत्युकारणाचा वैद्यकीय दाखला असतो. रुग्णालयांतील मृत्यूस नमुना ४, इतरत्र नमुना ४-अ. त्यांत निकटचें कारण वर व मूळ कारण खालीं लिहावयाचें असतें, आणि गणती मूळ कारणाची होते. वर न्यूमोनिया व खालीं सीओपीडी असें लिहिलें, तर रोग मोजला गेला. नुसतें 'हृदय बंद पडलें' असें लिहिलें, तर कांहींच मोजलें गेलें नाहीं. कारण मरतांना हृदय प्रत्येकाचेंच बंद पडतें.

सन १९९९ च्या नमुना नियमांबरोबर ठरलेल्या मृत्युवार्तेच्या अर्जांत धूम्रपान, तंबाखू, सुपारी व मद्य यांची संवय किती वर्षें होती, हें विचारलें होतें. चुलीपुढें किती वर्षें गेलीं, यास रकाना नव्हता. विडीस कधीं हात न लावलेली बाई धुरानें खोकत गेली, तर तिचे हे रकाने कोरेच राहणार. आणि कोऱ्या रकान्याचा अर्थ कारण नाहीं, असाच दप्तर वाचणारा करितो. ज्या तालुक्याच्या कागदांत हा रोग नाहीं, त्या तालुक्यासाठीं फुंकीचें यंत्र व औषधें मागणाऱ्या डॉक्टरांच्या हातीं पुरावा राहत नाहीं.

म्हणून वाचकांस आमचें सांगणें असें. जव्हारचें पतंगशहा कुटीर रुग्णालय असो, मोखाड्याचें ग्रामीण रुग्णालय असो किंवा जवळचें आरोग्य केंद्र असो, तेथें रोग्याबरोबर गेल्यास सरपण कोणतें, चुलीपुढें रोज किती तास व किती वर्षें, हें न विचारतां सांगावें आणि कागदावर लिहून देण्याची विनंति करावी. रोगी विडी ओढत असल्यास तेंही लपवूं नये. खोटी नोंद कोऱ्या नोंदीहून वाईट. फुंकीची तपासणी कोठें होते हें विचारावें, व तिचा कागद सातबाऱ्याच्या शेजारीं जपून ठेवावा. घरीं मृत्यु झाल्यास २१ दिवसांच्या आंत वर्दी द्यावी व दाखला लिहिणाऱ्या डॉक्टरांस जुने कागद दाखवावे.

नोंद म्हणजे उपचार नव्हे. पावसाळ्यापूर्वीं सरपण वाळवून झांकून ठेवणें, चुलीवर धुराडें बसविणें व जमेल तेथें गॅस वापरणें, हीं कामें घरमालकाचींच आहेत. आपल्या शेतावर राबणाऱ्या मजुरांच्या झोंपडींतही तोच धूर आहे, व त्यांचे कागद वाचून देणारा पुष्कळदां दुसरा कोणी नसतो. तें काम साक्षर खातेदारानें आपलें समजून करावें.