टक्का कशावर?

देहूरोडच्या ज्या विहारात २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी तथागतांची मूर्ती प्रतिष्ठापित केली, तिथे वंदनेनंतर तळवडे-चाकणचे कंत्राटी कामगार आम्हाला पगाराची चिठ्ठी दाखवतात. "वकीलसाहेब, आठ टक्के वाढ दिली म्हणतात, खरे का?"

आम्ही विचारतो, जुना पगार किती, नवा किती? नव्यातून जुना वजा करा, उरेल त्याला जुन्याने (नव्याने नव्हे!) भागा, शंभराने गुणा. १२,५०० चे १३,५०० झाले, तर आठ टक्के. हिशेब बरोबर. पण सव्वा लाख घेणाऱ्या साहेबाला त्याच आठ टक्क्यांत १०,००० मिळतात. टक्का एकच, दरी मात्र ९,००० ने रुंदावली!

मजूरमंत्री असताना बाबासाहेबांनी १९४६ साली किमान वेतनाचे विधेयक मांडले. १९४८ साली कायदा झाला. त्याच देशात २०१९ साली केंद्राने राष्ट्रीय किमान रोजंदारी १७६ वरून १७८ रुपये जाहीर केली. आधीचा आकडा २०१७ चा. दोन भागिले १७६ करून पाहा, सव्वा टक्काही भरत नाही! महागाई त्या दोन वर्षांत याहून कितीतरी अधिक वाढली होती. मग ही वाढ म्हणायची की कपात?

परवा एका भगिनीने नेमके विचारले, "टक्का मूळ पगारावर की एकूण पगारावर?" चिठ्ठीवर ते लिहिलेलेच नव्हते. तिला आम्ही लेखी खुलासा मागायला लावला आहे.