अठ्ठावन्न, साठ आणि हजार रुपये

मार्च 2023च्या मध्यावर जगाच्या दोन टोकांना पेन्शनसाठी एकाच वेळी संप चालू होते. फ्रान्समध्ये निवृत्तीचे वय 62 वरून 64 करण्याचा कायदा सरकारने 16 मार्चला कनिष्ठ सभागृहात मतदान न घेताच रेटला. पॅरिसच्या रस्त्यांवर कचऱ्याचे ढीग साचले होते. इकडे महाराष्ट्रात 14 मार्चपासून राज्य सरकारचे सतरा लाखांवर कर्मचारी ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’ म्हणत कामाबाहेर होते. सोलापूरच्या जिल्हा परिषदेच्या शाळांपासून सिव्हिल हॉस्पिटलपर्यंत त्याची झळ पोहोचली. 20 मार्चला संप मिटला.

फ्रेंच कामगाराला दोन वर्षे जास्त राबायचे नव्हते. आपल्याकडे मात्र राजपत्रित अधिकाऱ्यांचा महासंघ नेमकी तीच दोन वर्षे मागत आला आहे: 58 ऐवजी 60. हे उलटे वाटते, पण त्यामागचा हिशेब सरळ आहे. निवृत्तीनंतरची रक्कम ठरलेली असेल तर माणूस मोकळा होण्याची वाट पाहतो. ती ठरलेली नसेल तर त्याला दोन वर्षांचा पगार सोडवत नाही.

1 नोव्हेंबर 2005पासून सेवेत आलेल्यांची ही खात्रीच गेली. 1982च्या नियमांनी पूर्ण सेवेनंतर शेवटच्या पगाराच्या निम्मे निवृत्तिवेतन मिळे, महागाईप्रमाणे ते वाढे. नव्या पद्धतीत कर्मचारी दहा टक्के आणि सरकार चौदा टक्के भरते, आणि पुढे काय हाती येईल ते बाजार ठरवतो. शाळेच्या एकाच स्टाफरूममध्ये दोन शिक्षक शेजारी बसतात. एकाला म्हातारपणाचा आकडा माहीत असतो, दुसऱ्याला नसतो. त्याच्या रागाला हाव म्हणणे मला अन्यायाचे वाटते.

सरकारची अडचणही खरी आहे. डिसेंबर 2022मध्ये उपमुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस यांनी विधानसभेत जुन्या पेन्शनचा बोजा 1 लाख 10 हजार कोटींचा सांगितला होता. संपानंतर समिती बसली, आणि ऑगस्ट 2024मध्ये राज्याने केंद्राची एकीकृत पेन्शन योजना स्वीकारली: 25 वर्षे सेवा झाली की शेवटच्या बारा महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाच्या निम्मे. संपाचा दबाव नसता तर एवढेही पदरात पडले नसते, असे माझे स्पष्ट मत आहे.

वय वाढवण्याला मात्र माझा विरोध आहे. निवृत्ती दोन वर्षे लांबली की तेवढा काळ निवृत्तीमुळे एकही जागा रिकामी होत नाही. पुण्यात खोली घेऊन एमपीएससीची तयारी करणाऱ्या सोलापूरच्या मुलाची वयोमर्यादा तेवढ्यात उलटून जाते.

आणि सोलापुरातच असाही कामगार आहे, ज्याला निवृत्तीचे वयच नाही. लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी या गिरण्या बंद पडल्या तेव्हा पूर्व भागातली कितीतरी घरे बायकांनी विडीवर तगवली. पान कापायचे, तंबाखू भरायचा, दोरा गुंडाळायचा. मजुरी हजार विड्यांवर. त्यांची पेन्शन 1995च्या कर्मचारी पेन्शन योजनेतून येते. तिचे सूत्र असे: पेन्शनपात्र वेतनाला सेवेच्या वर्षांनी गुणायचे आणि 70ने भागायचे. वेतन 5,000 आणि नोंदलेली सेवा 14 वर्षे असेल तर हाती येतात 1,000 रुपये. नोंद दहा वर्षांहून कमी भरली तर मासिक पेन्शनच नाही. महागाई वाढली तरी रक्कम तीच. किमान 1,000 रुपयांची मर्यादा सप्टेंबर 2014मध्ये ठरली. कमांडर अशोक राऊत यांच्या नेतृत्वाखाली या योजनेतल्या पेन्शनधारकांची राष्ट्रीय संघर्ष समिती किमान 7,500 आणि महागाई भत्ता मागत दिल्लीपर्यंत धडका मारते आहे.

एवढ्या पैशात औषधपाणीही भागत नाही, म्हणून साठी ओलांडलेली बाई सुनेच्या विडी कामगार कार्डावर विड्या वळत राहते. शाळा आणि सिव्हिल बंद पडले की राज्य सात दिवसांत वाटाघाटीला बसते. तिने काम थांबवले तर फक्त तिची त्या दिवसाची मजुरी बुडते. जुन्या पेन्शनसाठी लढलेल्या सोलापूरच्या संघटनांनी पुढच्या मोर्चाच्या निवेदनात 7,500ची मागणीही घालावी.