धरणाखालची वाळू: पूर नेतो की आणतो?

26 मार्च 1996. अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यात ग्लेन कॅनियन धरणातून कोलोरॅडो नदीत 45,000 क्युसेकचा विसर्ग सुरू झाला. अतिवृष्टी झालेली नव्हती, धरणाला धोकाही नव्हता. अंतर्गत खात्याचे मंत्री ब्रूस बॅबिट यांनी समारंभपूर्वक झडपा उघडल्या आणि हा मुद्दाम सोडलेला पूर सात दिवस चालू राहिला. खाली ग्रँड कॅनियनमध्ये झिजत चाललेले वाळूचे पट्टे पुन्हा उभे राहावेत, यासाठी हा खटाटोप होता.

पूर वाळू घेऊन जातो एवढंच ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हे उफराटं वाटेल. पण धरणाखालच्या वाळूचा या नदीइतका बारकाईने अभ्यास फार थोड्या ठिकाणी झाला आहे. त्या अभ्यासाच्या आधारे धरण, प्रवाह आणि वाळू यांबद्दलचे काही पक्के समज तपासून पाहू.

गैरसमज 1: धरणाखालचं पाणी नितळ झालं, म्हणजे नदी सुधारली.

वस्तुस्थिती: धरणात पाणी अडायला सुरुवात झाली 1963 मध्ये. त्याआधी धरणाच्या जागेखालच्या लीज फेरी या ठिकाणावरून वर्षाला साडेपाच-सहा कोटी टन गाळ आणि वाळू वाहून जात असे. आता वरून येणारा हा सगळा ऐवज लेक पॉवेल या जलाशयात अडकतो. खाली येतं ते थंड, हिरवट, आरपार दिसणारं पाणी.

या पाण्याजवळ ओझं नसतं, पण ओझं उचलण्याची ताकद तशीच असते. म्हणून ते तळातून आणि काठातून वाळू उचलू लागतं. नदीचे अभ्यासक याला 'भुकेलं पाणी' म्हणतात. धरणापासून लीज फेरीपर्यंतच्या सुमारे 25 किलोमीटरमध्ये या भुकेल्या पाण्याने तळातली वाळू जवळपास संपवली. पात्र खोल गेलं आणि मागे उरला गोट्यांचा, दगडांचा थर. हा थर चिलखतासारखा बसला की तिथली झीज थांबते, पण पाण्याची भूक काही भागत नाही. ती पुढच्या टप्प्यात सरकते. शिवाय 'हंपबॅक चब'सारखे इथले मूळचे मासे कोमट, गढूळ पाण्याला सरावलेले होते. त्यांच्या दृष्टीने ही नितळ नदी परकी झाली.

गैरसमज 2: वाळू जड असते, ती फक्त तळावरून घरंगळत जाते.

वस्तुस्थिती: दगडगोटे घरंगळतात, भरड वाळू टप्पे घेत पुढे जाते. पण पुरात बारीक वाळूचा मोठा वाटा पाण्यात तरंगत जातो. पाव मिलिमीटरचा वाळूचा कण स्थिर पाण्यात अर्ध्या मिनिटात मीटरभर खाली बसतो. चिकणमातीच्या सूक्ष्म कणाला तेवढ्याच अंतराला काही दिवस लागतात. वाहत्या पाण्यात प्रवाहाचे उसळते झोत वाळूचा कण खाली बसायच्या आत पुन्हा वर उचलतात. झोत मंदावले की आधी भरड वाळू बसते, मग बारीक, आणि माती पुढे निघून जाते. खळ्यावर उफणणी करताना दाणा जवळ पडतो आणि भूस लांब उडतं, तशीच ही वर्गवारी असते.

इथे दोन गोष्टी सहसा लक्षात येत नाहीत. पहिली अशी की कण जितका बारीक तितका तो सहज उचलला जातो, हे सरसकट खरं नाही. चिकणमाती एकमेकींना धरून बसते आणि तळावरून सुटायला वाळूपेक्षा जास्त वेग मागते. सगळ्यांत सहज सुटते ती बारीक ते मध्यम वाळू. स्वीडिश भूगोलतज्ज्ञ फिलिप युल्स्ट्रॉम यांनी 1935 मध्ये मांडलेला आलेख हेच दाखवतो. दुसरी गोष्ट हिशोबाची आहे. विसर्ग दुप्पट झाला तर वाळूची वाहतूक दुप्पट होऊन थांबत नाही, ती कितीतरी पटींनी वाढते. म्हणून आठवडाभराचा पूर वाळूच्या बाबतीत महिनोन्‌महिन्यांच्या संथ प्रवाहाला भारी पडू शकतो.

गैरसमज 3: पूर फक्त झीज करतो. वाळूचे पट्टे संथ पाण्यात तयार होतात.

वस्तुस्थिती: ग्रँड कॅनियनचे पट्टे पुरातच तयार होतात, पण ठरावीक जागी. आडव्या घळींतून वादळी पावसात दगडधोंड्यांचे लोंढे येतात आणि घळीच्या तोंडाशी, नदीच्या पात्रात ढीग घालतात. त्या ढिगाने पात्र आवळलं जातं. तिथून पाणी जोरात निसटतं, खळाळ तयार होतो. ढीग ओलांडल्यावर पात्र पुन्हा रुंदावतं, पण वेगात आलेल्या मुख्य धारेला लगेच पसरता येत नाही. ती काठ सोडून मधून निघून जाते आणि काठाच्या बाजूला पाणी उलटं, वरच्या दिशेने फिरू लागतं. राफ्टिंग करणाऱ्यांच्या नावा या उलट्या फेरात अडकतात त्या याचमुळे.

मुख्य धार वाळूने भरलेली असते. तिच्यातली वाळू फेरात शिरते, वेग मंदावतो आणि ती खाली बसते. धार जिथे काठापासून सुटते तिथे एक पट्टा तयार होतो, आणि खाली जिथे पुन्हा काठाला येऊन लागते तिथे दुसरा, सहसा अधिक मोठा. पुराची पातळी जितकी उंच, तितक्या उंचीपर्यंत वाळू चढते. पूर ओसरल्यावर पट्टा कोरडा पडतो. मग वारा त्यातली वाळू उचलून आणखी वर, प्राचीन वस्त्यांच्या अवशेषांवर पसरवतो आणि ते झाकून ठेवतो. संथ पाण्याला वाळू इतकी उंच चढवताच येत नाही.

पट्टा घडायला म्हणून दोन गोष्टी लागतात: उंच पाणी, आणि त्या पाण्यात भरपूर वाळू. दुसरी नसेल तर पहिली उलट नुकसान करते.

गैरसमज 4: पूर घातक, धरणातून रोज सोडलं जाणारं बेताचं पाणी निरुपद्रवी.

वस्तुस्थिती: ग्लेन कॅनियन धरण विजेच्या मागणीनुसार चालतं. दुपारी-संध्याकाळी मागणी वाढली की विसर्ग वाढतो, रात्री घटतो. सुरुवातीच्या दशकांत या चढउतारांवर फारसं बंधन नव्हतं. खाली दरीत काही ठिकाणी पाण्याची पातळी दिवसात तीन-चार मीटर वरखाली होई. पाणी चढलं की पट्ट्यात मुरतं. ते झपाट्याने उतरलं की मुरलेलं पाणी बाहेर झिरपतं, सोबत कण आणतं आणि पट्ट्याची कड ढासळते. असं रोज होत राहिलं की पुराशिवायही पट्टा संपतो. त्यामुळे 1991 पासून या चढउतारांवर मर्यादा घालण्यात आल्या, आणि 1992 मध्ये ग्रँड कॅनियनच्या संरक्षणासाठी अमेरिकी संसदेने स्वतंत्र कायदा केला.

गैरसमज 5: दरवाजे उघडले की धरणातला गाळ आपोआप खाली येतो.

वस्तुस्थिती: गाळ भिंतीला टेकून बसलेला असतो, अशी कल्पना यामागे असते. प्रत्यक्षात नदी जलाशयात शिरते तिथेच तिचा वेग मोडतो आणि वाळू तिथेच पडते. लेक पॉवेल पूर्ण भरला की त्याची लांबी सुमारे 300 किलोमीटर होते. वाळू त्याच्या वरच्या टोकाला आणि झडपा खालच्या टोकाला! त्यामुळे कितीही मोठा विसर्ग सोडला तरी धरणातून येतं ते नितळ पाणीच. चीनमध्ये पीत नदीवरच्या शियाओलांगदी धरणातून 2002 पासून पाणी आणि गाळ ठरवून एकत्र सोडला जातो, पण तिथली नदी, गाळ आणि धरणाची रचना सगळंच वेगळं आहे.

मग 1996 च्या पुराला वाळू मिळणार होती कुठून? धरणाखाली येऊन मिळणाऱ्या उपनद्यांकडून. लीज फेरीलगत पॅरिया नदी मिळते आणि शंभरेक किलोमीटर खाली लिटल कोलोरॅडो. जुलै ते ऑक्टोबरच्या दरम्यान तिथेही मान्सूनचा पाऊस येतो आणि छोटीशी पॅरिया चिखलाचा लोंढा होऊन धावते. वरच्या भागातल्या वाळूचा मूळ पुरवठा नव्वद टक्क्यांहून अधिक घटला आहे. उरलेली मदार मुख्यतः या पॅरियावर आहे.

गैरसमज 6: उपनद्यांनी आणलेली वाळू तळाशी साठून राहते, हवी तेव्हा वापरता येते.

वस्तुस्थिती: हा समज सामान्य माणसाचा नव्हता, तज्ज्ञांचा होता. 1996 चा प्रयोग त्यावरच उभा होता. उपनद्यांची वाळू वर्षानुवर्षं पात्राच्या तळाशी साचत असेल, पूर सोडला की ती उचलून काठावर चढेल, असा हिशोब होता. पूर ओसरल्यावर काठावर नवे पट्टे दिसले आणि सगळे आनंदले. मोजमापं हाती आली तेव्हा चित्र पालटलं. उंचावर चढलेली बरीचशी वाळू तळातून आलीच नव्हती. ती त्याच उलट्या फेरांतल्या जुन्या, खालच्या पातळीवरच्या पट्ट्यांतून खरवडली गेली होती. खिशातले पैसे एका कप्प्यातून दुसऱ्यात गेले होते, आणि काही वाटेत सांडलेही होते.

याचा पुरावा पट्ट्यांच्या पोटात सापडला. नव्या पट्ट्यात उभा चर खणला की पुराचे थर एकावर एक दिसतात. ओसरत्या पुरात वर बारीक वाळू सापडावी अशी अपेक्षा असते. इथे खाली बारीक आणि वर भरड वाळू होती. पुराच्या पहिल्या दिवसांतच बारीक वाळू धुऊन निघाली, मग भरड उरली आणि तीच वर बसली. विसर्ग तोच राहिला, पण पाण्यातलं वाळूचं प्रमाण दिवसागणिक घटत गेलं. म्हणजे सातपैकी शेवटचे दिवस फारसे कामाचे नव्हते.

पुढच्या अभ्यासातून कळलं की पॅरियाने आणलेली वाळू काही आठवड्यांत, फार तर काही महिन्यांत पुढे निघून जाते. त्यामुळे पूर सोडायचा तर वाळू आल्याबरोबर. नोव्हेंबर 2004 चा पूर म्हणूनच पॅरियाच्या लोंढ्यांच्या पाठोपाठ सोडला गेला. 2012 पासून नियमच झाला: नदीतली ध्वनिलहरींवर चालणारी उपकरणं दर पंधरा मिनिटांनी गाळ मोजतात, वाळूचा ताळेबंद मांडला जातो, शिल्लक पुरेशी असेल तरच पूर, आणि तोही बहुधा चार दिवसांच्या आतला.

गैरसमज 7: असा पूर म्हणजे पाण्याची नासाडी.

वस्तुस्थिती: सोडलेलं पाणी दरी ओलांडून खालच्या हूवर धरणाच्या लेक मीडमध्ये जमा होतं. ग्लेन कॅनियनमधून वर्षभरात किती पाणी खाली द्यायचं हे आधीच ठरलेलं असतं. पुरासाठी वेगळं पाणी लागत नाही, तेच पाणी कधी सोडायचं एवढं बदलतं. खरा तोटा विजेचा आहे, कारण झडपांतून थेट सोडलेलं पाणी जनित्रांवरून जात नाही. आणखी एक किंमत अलीकडे कळली. एप्रिल 2023 मध्ये जलाशयाची पातळी खाली असताना पूर सोडला गेला, त्यानंतरच्या तपासणीत पाणी सोडणाऱ्या पोलादी नळांच्या आतल्या बाजूला इजा झाल्याचं आढळलं.

गैरसमज 8: एकदा पूर सोडला, पट्टे उभे राहिले, काम झालं.

वस्तुस्थिती: नवा पट्टा पहिल्या दिवसापासून झिजायला लागतो आणि वर्षभरात त्यातली बरीच वाळू निघून जाते. 2012, 2013, 2014, 2016 आणि 2018 अशा पाठोपाठच्या पुरांच्या काळात पट्टे तग धरून होते. नंतर 2023 पर्यंत एकही पूर सोडला गेला नाही आणि ते पुन्हा आक्रसत गेले. वाळूचा पट्टा म्हणजे येणारी आणि जाणारी वाळू यांतली त्या वेळची शिल्लक. आवक आणि पूर दोन्ही चालू असतील तोवरच तो दिसतो.

मग आपल्याकडे काय?

ग्रँड कॅनियनचा उपाय जसाच्या तसा उचलता येणार नाही. आपल्या नद्या पावसाळ्यापुरत्या फुगतात, धरणं भरली की पूर मुद्दाम सोडावा लागत नाही, आणि आपल्याकडे वाळूचा मोठा खर्च प्रवाहापेक्षा उपशामुळे होतो. पण प्रश्न मात्र तेच विचारता येतात. पंढरपूरचं चंद्रभागेचं वाळवंट भीमेवरच्या उजनी धरणाच्या खाली आहे. उजनी आणि पंढरपूर यांच्या मधे नीरा नदी नरसिंहपूरला भीमेला मिळते. कोलोरॅडोवर पॅरियाची जी जागा, ती इथे नीरेची. फरक असा की पॅरियावर मोठं धरण नाही, नीरेच्या खोऱ्यात मात्र भाटघर आहे, वीर आहे.

दर पावसाळ्यात उजनी आणि वीरमधून किती क्युसेक विसर्ग सुरू आहे ते बातम्यांत येतं, आणि काठच्या गावांसाठी तो आकडा महत्त्वाचाच आहे. वाळूच्या दृष्टीने मात्र तो अर्धाच आहे. त्या पाण्याबरोबर किती वाळू आली, ती धरणाखालच्या कोणत्या ओढ्या-नाल्याने आणली, आणि पाणी ओसरल्यावर त्यातली किती ट्रकमध्ये भरली गेली, हे त्याच्या शेजारी मांडलं तरच वाळवंट वाढतंय की घटतंय ते सांगता येईल. वाळूच्या लिलावाची परवानगी देण्याआधी निदान एवढा जमाखर्च समोर असायला हवा.